चार पल्ले, आठ बिजागऱ्या

३ नोव्हेंबर, सोमवार. सकाळी.

ओट्याखालच्या कपाटाचा पहिला पल्ला आज हातात आला. डबा काढायला दार उघडलं, तर दार म्हणालं, घे, आता तूच धर. बिजागऱ्या गंजून गेलेल्या. सिंकखालच्या ओलीने खाल्ल्या. बाकीचे तीन पल्लेही मान टाकूनच उभे आहेत. बावीस वर्षं झाली ओट्याला. बावीस वर्षं उघड-बंद केलं की कुणाचेही सांधे जातात. माझे नाही गेले, हा भाग वेगळा. फक्त उठताना धरायला काहीतरी लागतं.

नातीने फोनमध्ये बोलायचं बटण दाखवून ठेवलंय. आपण बोलायचं, तो लिहून घेतो. रोजनिशी ठेव म्हणाली, वेळ जाईल. वेळ जायला मला काही अडचण नाही, तो आपोआप जातो. पण ठेवते. मला वाचता येत नाही आणि दुसऱ्याला मी वाचू देणार नाही. एवढी सुरक्षित वही राजाकडेसुद्धा नसेल.

दुपारी. चिरंजीवांना फोन केला. पल्ला पडल्याचं सांगितलं. म्हणाला, आई, तू हात लावू नकोस. बावीसला शनिवार आहे, शनिवार-रविवार येतो, ड्रिल घेऊन येतो, सगळ्याच बिजागऱ्या बदलून टाकतो. आणखी काय काय बिघडलंय त्याची लिस्ट करून ठेव.

म्हणजे येतोय. मी काही हुरळून गेले नाही. फोन ठेवला आणि बाहेरच्या खोलीतले पडदे धुवायला काढले. ते धुवायचेच होते.

४ नोव्हेंबर, मंगळवार.

पडदे वाळेपर्यंत बसून विचार केला.

मागच्या वेळी आला तेव्हा अशीच लिस्ट होती. नऊ कामं. आल्या आल्या सिंकखाली शिरला तो दुसऱ्या दिवशी दुपारी गाडीची वेळ झाली तेव्हा बाहेर आला. मधे पंखा, मधे बाथरूमची कडी, मधे गॅसची नळी. मी जवळ स्टूल घेऊन बसले होते. काही विचारलं की आतून म्हणायचा, आई, जरा टॉर्च इकडे धर. दोन दिवसांत माझी आणि त्याच्या तळपायांची छान भेट झाली. टाचांना भेगा पडल्यात, एवढी बातमी कळली.

तेव्हा ठरवलं. या खेपेला घरात एकही काम शिल्लक ठेवायचं नाही. लिस्ट कोरी. बिजागऱ्या मीच बदलणार. तो आला की दाखवायचं, बघ, झालं. मग त्याला खुर्चीत बसण्यावाचून गत्यंतर नाही. समोर मी. बोलेल काहीतरी. नाही बोलला तरी चालेल, पण माझ्याकडे तोंड करून गप्प बसेल.

हे मी त्याच्यासाठी करतेय. आठवडाभर राबतो पोर. इथे येऊन तरी पाठ टेकू दे.

आजपासून अठरा दिवस. काम एका दुपारचं. सतरा दिवस हाताशी राहतील.

५ नोव्हेंबर, बुधवार.

ह्यांची हत्यारांची पेटी माळ्यावरून काढली. ‘हे’ जाऊन सहा वर्षं झाली, पेटीला कुणी हात लावला नव्हता. आत स्क्रू ड्रायव्हर तीन, पक्कड एक, आणि माझी हरवलेली कात्री. ही कात्री मी घेतलीच नाही असं तोंड वर करून सांगितलं होतं मला. वर गेल्यावर विचारीन.

दुपारी दोनला कामाला बसले. साडेचारला एक स्क्रू निघाला. एकच, पण मुळासकट निघाला.

एकूण स्क्रू बत्तीस. हिशेब केला तर जमेल असं दिसत नाही, म्हणून हिशेब केला नाही.

६ नोव्हेंबर, गुरुवार.

आज हात बसला. युक्ती सापडली. स्क्रूवर खोबरेल तेलाचा थेंब सोडायचा, चहा प्यायचा, मग फिरवायचा. दिवसभरात सगळे स्क्रू निघाले. चहा अकरा वेळा झाला.

चारही पल्ले काढून भिंतीला उभे केले. कोणता कुठला हे कळावं म्हणून मुठींना लोकरीचे धागे बांधले. पहिल्याला लाल, दुसऱ्याला पिवळा, तिसऱ्याला हिरवा, चौथ्याला निळा. ज्यांना लिहिता येतं ते आकडे घालतात आणि आकडा सहाचा की नऊचा यावर भांडतात. लाल तो लाल. त्यात भांडण नाही.

संध्याकाळ. पल्ल्यांवर बावीस वर्षांचं तेलकट होतं. लावायचेच आहेत तर स्वच्छ करून लावू म्हटलं. धागे भिजतील म्हणून सोडून ठेवले. पल्ले असे लखलखीत निघाले की एक दुसऱ्यासारखा, दुसरा तिसऱ्यासारखा.

धागेही नीट घडी करून ठेवलेत. चारही.

७ नोव्हेंबर, शुक्रवार.

हार्डवेअरच्या दुकानात गेले. सॅम्पल म्हणून पडलेल्या पल्ल्याची बिजागरी रुमालात गुंडाळून नेली. दुकानदार चष्मा कपाळावर ठेवून चष्मा शोधणारा माणूस. बिजागरी उलटीसुलटी करून म्हणाला, आजी, ही सरळ आहे. कडेच्या दाराला सरळ चालते. मधल्या दारांना वाकडी लागते.

म्हटलं, वाकडी कशाला? माझी दारं सरळ आहेत.

म्हणाला, अहो, दार सरळच असतं. दोन दारं एकाच फळीवर येतात ना मधे, त्यांना बिजागरीची मान वाकडी लागते. म्हणजे अर्धी फळी याची, अर्धी त्याची. तुमची मधली दोन दारं एका फळीवर आहेत का?

म्हटलं, बाळा, बावीस वर्षं मी ती दारं उघडतेय. चारही सारखी आहेत. आठ सरळ दे.

म्हणाला, एकदा घरी जाऊन जुन्या सगळ्या बघून या.

जुन्या सगळ्या मी कालच गल्लीत आलेल्या भंगारवाल्याला देऊन टाकल्या होत्या, पण हे त्याला कशाला सांगा. म्हटलं, बघितल्यात.

आठ सरळ घेतल्या. हळू बंद होणाऱ्या. दाराला ढकललं की ते शेवटी शेवटी स्वतःच विचार करत मिटतं. नव्या जमान्याच्या. येताना जिने न थांबता चढले. म्हणजे एकदाच थांबले, ते पिशवी बदलायला.

८ नोव्हेंबर, शनिवार.

बिजागऱ्यांच्या डब्यात एक कागद निघाला. चित्रं आहेत. खाली अक्षरं आहेत, ती ज्यांना चित्र कळत नाही त्यांच्यासाठी. मला चित्र पुरलं. बिजागरीला एका टोकाला वाटी असते, ती दाराच्या भोकात बसते. दुसऱ्या टोकाला हात असतो, तो कपाटाच्या भिंतीला धरतो. बस. यात शाळेत जाण्यासारखं काय आहे?

पहिला पल्ला लावला. एकटीने! पल्ल्याखाली पुस्तकांचा ढीग लावून त्याला उभं केलं आणि स्क्रू पिळले. नातीची जुनी अभ्यासाची पुस्तकं. आमच्या घरात पुस्तकांचा एवढा आधार मला पहिल्यांदाच झाला.

लावून मागे सरून बघितलं. मूठ खाली आली होती.

म्हणजे हा चौथा पल्ला, उलटा होऊन पहिल्याच्या जागी बसलेला. थोडा वेळ बघत राहिले. वाईट दिसत नाही. वाकून उघडायला लागेल, पण वाकणं अंगाला चांगलंच असतं. ठेवणार आहे तसाच.

९ नोव्हेंबर, रविवार.

खालच्या मजल्यावरची दुर्बीण वर आली. तिचं नाव मी ठेवलंय. जिन्यात कोण चढलं, कोण उतरलं, कुणाच्या पिशवीत काय होतं, सगळं तिला दिसतं. काल ठोकाठोकी ऐकू आली म्हणून आले म्हणाली. मी ठोकलं नव्हतं. पल्ला पडला होता.

स्वयंपाकघरात शिरली आणि हसली. म्हणाली, मावशी, मूठ खाली का लावली? मुंग्यांना उघडता यावं म्हणून?

म्हटलं, नवीन पद्धत आहे.

म्हणाली, कोपऱ्यावरच्या सुताराला बोलवा ना, अर्ध्या तासाचं काम. कशाला जिवाला त्रास?

म्हटलं, मला हौस आहे.

मग चहा पिता पिता हळूच, तुमचा मुलगा येतोय म्हणे. बऱ्याच दिवसांनी, नाही का?

हिला मोजायची सवय. मी मोजत नाही. वर्ष झालं असेल. गेल्या मंगळवारी चौदा महिने पुरे झाले.

ती गेल्यावर पल्ला काढला, सरळ करून चौथ्याच्या जागी नेला, पहिला पहिल्याच्या जागी लावला. तिच्या बोलण्यामुळे नाही. मुंग्यांचं खरंच असतं.

१२ नोव्हेंबर, बुधवार.

कडेचे दोन्ही पल्ले उभे आहेत. थोडेसे तिरके, पण मानाने उभे आहेत.

मधल्या दोघांचं जमत नाही. दुसरा लावला, छान बसला. तिसरा लावला, छान बसला. दोघं एकदम बंद होत नाहीत. याला मिटलं की तो उघडा, त्याला मिटलं की हा उघडा. दोघांनाही सगळी फळी हवी. सख्ख्या जावा अशा भांडत नाहीत.

कारण सापडलं. परवा धुतले तेव्हा लाकूड पाणी प्यायलं. फुगलंय. कडा घासल्या की झालं.

१३ नोव्हेंबर, गुरुवार.

घासल्या. सकाळी दोन तास, दुपारी दोन तास. घरभर भुसा, नाकात भुसा, चहात भुसा. दुसऱ्या पल्ल्याच्या कडेचा सनमायका सुपारीएवढा उडाला. त्या जागी काळं बूटपॉलिश लावलं. दिवा बंद असला की कळत नाही.

अजूनही भांडतात.

उद्यापासून घासायचं नाही. लाकडाला सुकायला वेळ द्यायचा. वेळ भरपूर आहे. नऊ दिवस.

१४ नोव्हेंबर, शुक्रवार.

चिरंजीवांचा फोन. स्वतःहून. लिस्ट झाली का विचारलं.

म्हटलं, होतेय.

म्हणाला, ड्रिल काढून ठेवलंय, बिजागऱ्या इथूनच घेऊन येतो.

त्याला काय माहीत, आई कुठवर पोहोचलीय. म्हटलं, बिजागऱ्या आणू नकोस, वजन कशाला उगाच.

चार मिनिटं बोलला. बरा बोलला. फक्त आवाज बारीक झालाय. झोपतोस का नीट, विचारलं, तर म्हणाला, नेटवर्कमुळे तसं वाटतं. नेटवर्कला खोकला पण होतो वाटतं हल्ली.

हेच विचारायचंय मला. समोरासमोर. फोनवर माणूस कसाही बोलतो, तोंड तर दिसत नाही. व्हिडिओवर दिसतं, पण ते खालून दिसतं, आणि खालून सगळेच बरे दिसतात.

खुर्च्या पुसल्या. त्याची खिडकीकडे ठेवावी की भिंतीकडे, हे ठरवायला सकाळ गेली. खिडकीकडे ठेवली तर बाहेर बघत बसेल. भिंतीकडे ठेवली.

१५ नोव्हेंबर, शनिवार.

दुकानात गेले. सहज. स्क्रू हवे होते.

चष्मेवाल्याने मला बघितलं. खालच्या खणातून कागदात बांधलेली पुडी काढली आणि पुढे ठेवली. चार वाकड्या बिजागऱ्या. त्या दिवसापासून बांधून ठेवल्या होत्या म्हणे. म्हणाला, म्हटलं आजी येतीलच.

म्हटलं, मी स्क्रू घ्यायला आलेय.

म्हणाला, हो हो, स्क्रूही देतो.

बरा माणूस आहे. ‘मी सांगितलं होतं’ हे तीन शब्द तोंडापर्यंत आलेले गिळणारा माणूस मी दुसरा पाहिला नाही. आमचे ‘हे’ तर झोपेतसुद्धा म्हणायचे. जादा झालेल्या चार सरळ परत घेतो म्हणाला. मग बिजागरी हातात घेऊन दाखवलं. हा पुढचा स्क्रू फिरवला की दार डावं-उजवं सरकतं. हा मागचा सैल केला की आत-बाहेर. वर-खाली करायचं तर भिंतीवरची पट्टी सैल करायची. एकदम फिरवायचं नाही, पाव फेरा द्यायचा आणि बघायचं, पाव फेरा आणि बघायचं.

मी तीनदा विचारलं, त्याने तीनदा सांगितलं. घरी येईपर्यंत तोंडाने म्हणत आले, पुढचा डावं-उजवं, मागचा आत-बाहेर. जिन्यात दुर्बीण म्हणाली, मावशी, कसला जप करताय?

१७ नोव्हेंबर, सोमवार.

वाकड्या लावायला घेतल्या, तर भोकं ढिली झालेली. मीच दहा वेळा काढ-घाल केलेली. स्क्रू नुसते गरगर फिरतात, धरत नाहीत.

इथे माझी अक्कल चालली. कुणी शिकवली नाही. काडेपेटीच्या काड्यांची डोकी मोडली, काड्या सुताराच्या पांढऱ्या गोंदात बुडवून भोकात ठासल्या. उद्यापर्यंत दगड होतील. मग स्क्रू कुठे जातो बघते.

(‘हे’ असं करताना दोनदा दिसले होते, असं आठवतं. पण अक्कल माझीच.)

१८ नोव्हेंबर, मंगळवार. दुपारी.

झालं!

चारही पल्ले. सरळ. एका रेषेत. मधल्या दोघांची अर्धी अर्धी फळी, भांडण मिटलं. पाव फेरा आणि बघ, पाव फेरा आणि बघ, सकाळपासून हेच. आता वर सारखी फट, खाली सारखी फट, मधे बोटभरही नाही. ढकललं की मिटतात, शेवटाला हळू.

चाळीस वेळा तरी उघडून बंद केले. मग जमिनीवर बसून बघत राहिले. मग उठायला अर्धा तास गेला, पण पल्ल्याला धरून उठले आणि पल्ला हलला नाही! ही खरी परीक्षा.

दुर्बिणीला मुद्दाम वर बोलावलं. तिने चारही उघडले, चारही मिटले. काळं बूटपॉलिश बोटाला लागलं, तेही पुसलं. मग म्हणाली, मावशी, माझ्याकडचं एक दार करकरतं.

बघू म्हटलं. सध्या वेळ नाही. पाहुणा येतोय.

१९ नोव्हेंबर, बुधवार.

सरप्राइज ठेवणार होते शनिवारपर्यंत. राहवलं नाही. चिरंजीवांना फोन लावून सगळं सांगितलं. सरळ, वाकड्या, काड्या, पाव फेरा. मधे मधे अरे वा म्हणत होता. शेवटी हसला. म्हणाला, आई, तू म्हणजे कमाल आहेस!

किती दिवसांनी हसला असा.

मग म्हणाला, बाकी लिस्टमध्ये काय आहे?

म्हटलं, काही नाही! नळ ठीक, पंखा ठीक, दिवे ठीक. या खेपेला तुला इकडची काडी तिकडे करायची नाही.

म्हणाला, मग बरं झालं गं. मीच विचारणार होतो तुला. सोमवारी ऑफिसात मोठी मीटिंग आहे, शनिवार-रविवार त्यातच जाणार होते, पण तुझं दार पडलंय म्हणून कसंतरी जमवत होतो. आता काम नाहीच आहे तर सावकाश येतो ना. पुढच्या महिन्यात. निवांत.

म्हटलं, हो तर. निवांत ये.

म्हणाला, नक्की ना? राग नाही ना?

म्हटलं, राग कसला. मीच सांगणार होते, उगाच दगदग करू नकोस.

खरंच सांगणार होते. प्रवास वाचला. बरंच झालं.

२० नोव्हेंबर, गुरुवार. सकाळी.

एक विचार आला. नव्या वस्तूची नीट परीक्षा घ्यावी. स्क्रू सैल झाला तर काय होतं, हे आत्ताच बघून ठेवलेलं बरं. पुढे अडचण नको.

पहिल्या पल्ल्याच्या भिंतीवरच्या पट्टीचे दोन स्क्रू अर्धा अर्धा फेरा मागे घेतले. पल्ला लगेच वाकला. म्हणजे बिजागरी चांगली आहे, सांगितलेलं ऐकते.

आणखी अर्धा फेरा.

दुपारी चिरंजीवांना फोन. परिस्थिती कळवली. पल्ला वाकलाय म्हटलं. वाकलाय हे खरं आहे. कसा, हे त्याने विचारलं नाही. म्हणाला, अगं, कालच तर नीट झालं होतं ना?

म्हटलं, मला काय येतंय त्यातलं. म्हातारीचं काम.

म्हणाला, बघतो.

‘बघतो’ म्हणजे येतो. लहानपणापासून त्याचं असंच. नको असलं की सरळ नाही म्हणतो.

२१ नोव्हेंबर, शुक्रवार.

रात्रभर विचार करून असं वाटलं, एका पल्ल्यासाठी कोण एवढ्या लांबून येईल? माणसाने आल्यासारखं तरी काही हवं. दुसरा आणि तिसरा पण सैल केला. चौथा ठेवला. चारही पडले म्हटलं तर संशय येईल, आणि शिवाय उठताना धरायला एक लागतो.

पुन्हा फोन. तीन पल्ले म्हटलं. घाबरला. म्हणाला, आई, तू त्यांच्याखाली बसू नकोस, अंगावर पडेल. उद्या सकाळी दहापर्यंत घरी आहेस ना? मी करतो व्यवस्था.

दहा म्हणजे पहाटेच्या गाडीने निघणार.

उशी उन्हात टाकली. चादर बदलली. त्याच्या आवडीचं गोड केलं, थोडंसंच, दोन डबे. दुर्बिणीला सांगितलं, उद्या वर येऊ नको, आम्ही बोलत बसणार आहोत. तिने माझ्याकडे जरा जास्तच वेळ बघितलं. जळते.

आता मीटिंगवाल्यांची मला दया येते. पण आईचं काम ते आईचं काम.

२२ नोव्हेंबर, शनिवार. सकाळी आठ.

ठेवणीतले कपडे घातले. केस विंचरले. चहाचं आधण आत्ताच ठेवायचं नाही, आल्यावर ठेवायचं, म्हणजे पाच मिनिटं स्वयंपाकघरातच गप्पा होतील. खुर्ची पुन्हा खिडकीकडे ठेवली. उजेडात तोंड नीट दिसेल.

दुपारी.

दहाला पाच कमी असताना बेल वाजली. धावत गेले, म्हणजे माझ्या मानाने.

दारात ड्रिल घेतलेला माणूस. सुतार. म्हणाला, आजी, तुमच्या मुलाने फोनवरून बुकिंग केलंय. पैसेही भरलेत. तीन दारं ना?

आत घेतलं. काय करणार.

खाली बसला. पहिली बिजागरी बघितली, दुसरी बघितली. मग म्हणाला, कुणी बसवल्या ह्या?

म्हटलं, आहे एक कारागीर.

म्हणाला, चांगलं काम आहे. कडेला सरळ, मधे वाकडी, भोकंसुद्धा काड्यांनी भरलीत. असं हल्ली कुणी करत नाही. मग एका स्क्रूवर बोट ठेवून म्हणाला, पण हे आपोआप सैल झालेले नाहीत. सगळे सारखेच एक एक फेरा मागे आलेत. स्क्रू असे ठरवून एकदम ढिले होत नाहीत, आजी.

म्हटलं, माझ्या घरात होतात.

त्याने माझ्याकडे बघितलं. कपड्यांकडे बघितलं. खिडकीजवळच्या खुर्चीकडे, गोडाच्या ताटलीकडे. खाली मान घालून सगळे स्क्रू एकेक करून पिळले. अकरा मिनिटं लागली. वरून प्रत्येकाला एक लाल औषधाचा थेंब सोडला. कसलं विचारलं, तर म्हणाला, स्क्रू पक्का करायचं आहे. आता दहा वर्षं बघायला नको. मुलाने सांगितलंय, पुन्हा सैल व्हायला नकोत असं करा, आईला त्रास होतो.

दहा वर्षं.

चहा घे म्हटलं. म्हणाला, पुढचं काम आहे. म्हटलं, गोड तरी खा. उभ्या उभ्या खाल्लं. दुसरा तुकडा दिला, तोही खाल्ला. मग खुर्चीच्या कडेवर टेकला, ड्रिल मांडीवर धरून. त्याच्या आईचे गुडघे दुखतात. गावाकडे असते. फोन करतोस का विचारलं. म्हणाला, करतो ना, काही काम असलं की.

म्हटलं, तिच्याकडचं काय बिघडतं?

म्हणाला, तिचं काहीच बिघडत नाही हो. आमची आई एकदम खंबीर आहे.

गेला. एक डबा त्याला बांधून दिला.

२३ नोव्हेंबर, रविवार.

सकाळी चिरंजीवांचा फोन. सुताराने फोटो पाठवलेत म्हणाला. मस्त बसलेत पल्ले. आता काळजी मिटली.

म्हटलं, हो, छान काम करून गेला.

आवाज खोल गेलेला. विचारलं, खोकला कसा आहे? म्हणाला, कसला खोकला? आणि खोकला.

मग म्हणाला, आई, बिघडलेलं अजून काही असेल तर आत्ताच सांग. त्या ॲपवर सगळेच मिळतात. नळवाला, पंखेवाला. मी इथून बसल्या बसल्या माणूस पाठवतो.

म्हटलं, थांब हं, बघून सांगते.

फोन कानाला धरून सगळं घर फिरले. नळ सोडून बंद केले. दिवे लावून बघितले. पंखा, कड्या, खिडक्या, बाथरूमची बादली. तो पलीकडे थांबला होता. त्याचा श्वास ऐकू येत होता. सावकाश फिरले. पुन्हा एकदा फिरले.

काहीच सापडलं नाही. म्हटलं, नाही रे. सगळं व्यवस्थित आहे.

त्याला बरं वाटलं.